टीचिंग हॉस्पिटलात ऑपरेशन करावं का? (बाबांचा हर्निया)

खाडीकिनारा
नमस्कार मंडळी. बाबा ७१ वर्षांचे, आम्ही ऐरोलीला राहतो. गेले आठ-नऊ महिने त्यांच्या उजव्या जांघेत गाठ येते, आडवं झालं की आत जाते. इथल्या एका सर्जनकडे नेलं, त्यांनी पाच मिनिटांत बघितलं, म्हणाले हर्निया आहे, जाळी टाकावी लागेल, सगळं धरून एक लाख चाळीस हजार, मंगळवारी करून टाकू. बाबांची पॉलिसी मधे लॅप्स झाली ती माझी चूक, त्यावर कृपया कोणी बोलू नका, घरी बोलून झालंय.

शेजारचे काका म्हणतात नेरुळच्या बाजूला मेडिकल कॉलेजचं हॉस्पिटल आहे, तिथे शिबिरातून नाव घातलं तर जवळजवळ फुकटात होतं. हे मामाला कळलं आणि त्याचा लगेच फोन, "अरे तिथे शिकाऊ पोरं हात साफ करून घेतात, दाजींवर प्रॅक्टिस करू देणार का तू?" तेव्हापासून आईने धसका घेतलाय. बाबा स्वतः म्हणतात मला काय, कुठेही कापा.

तर अशा हॉस्पिटलात नक्की कापतं कोण? कोणाला अनुभव असेल तर सांगा, ऐकीव नको.

टपरीवाला
मामांना विचारा, ते ज्या डॉक्टरकडे जातात तो जन्मतःच शिकून आला होता का :)

पारसिक_बोगदा
ऐकीव नको म्हणालात म्हणून स्वतःचं सांगतो. नाव घेत नाही, एक मोठं सरकारी टीचिंग हॉस्पिटल. भावाचा बाईकवरून पडून पाय मोडला. पहिले दोन दिवस जमिनीवर गादी, ठीक आहे, गर्दी असते, समजू शकतो. पण दोन दिवसांत चार वेगवेगळे डॉक्टर आले आणि चौघांनी पहिल्यापासून विचारलं काय झालं कसं झालं. तिसऱ्या दिवशी एक्स-रेची फिल्मच सापडेना. मी म्हटलं मोठे डॉक्टर कधी येणार तर उत्तर "राउंडला येतील." राउंडला आले, बारा जणांचा घोळका, भावाच्या पायाकडे बघून इंग्रजीत काहीतरी बोलले, दोन मुलींनी वहीत लिहिलं, घोळका पुढच्या खाटेवर. आम्हाला कोणी एक शब्द सांगितला नाही. पाय नीट जुळला, आज तो धावतो, त्याबद्दल तक्रार नाही. पण त्या पाच दिवसांत आपण माणूस नसून धडा आहोत असं वाटलं ते वाटलंच. पैसे असतील तर प्रायव्हेटला जा.

सिस्टर_काकू
बोगदा, तुमचं म्हणणं खरं आहे आणि त्याबद्दल वाईट वाटतं, कारण त्या घोळक्याच्या मागे ट्रॉली घेऊन मी ३१ वर्षं उभी होते. (महापालिकेचं हॉस्पिटल, आता रिटायर.) पण खाडीकिनारा, तुम्हाला दुसरी बाजू सांगते. रात्री तीन वाजता तुमच्या बाबांचं बीपी खाली गेलं तर शेजारी कोण आहे हा खरा प्रश्न. छोट्या नर्सिंग होमात रात्री एक आरएमओ म्हणजे ड्युटी डॉक्टर असतो, तो बऱ्याचदा आयुर्वेद नाहीतर होमिओपॅथीचा, बिचारा झोपलेला, आणि सर्जनसाहेब घोडबंदरला त्यांच्या घरी. टीचिंगमधे रात्री तीनला पण वॉर्डात कोणीतरी जागं असतं. दमलेलं असेल, केस विस्कटलेले असतील, पण जागं असतं, आणि त्याच्या वरचा एक फोनवर नाही तर त्याच इमारतीत असतो.

आता शिकाऊ पोरांचं. नवी बॅच आली की पहिले दोन महिने आम्ही सिस्टर लोक डोळ्यात तेल घालून असायचो. एकदा एका पोराने पोटॅशियमचं इंजेक्शन सरळ शिरेत द्यायचं लिहिलं. ते तसं दिलं तर हृदय जागच्या जागी थांबतं. मी म्हटलं, "डॉक्टर, हे सलाईनमधून हळूहळू ना?" पोरगा पांढराफटक पडला. अर्ध्या तासाने माझ्यासाठी चहा घेऊन आला, बोलला काही नाही. तो आता ठाण्यात मोठा फिजिशियन आहे, फी पण मोठी आहे. म्हणजे चुका होतात का, होतात. पण तिथे चूक पकडायला चार जण असतात. एकट्याच्या दवाखान्यात कोण पकडणार?

टपरीवाला
काकू त्या डॉक्टरचं नाव व्यनि (खाजगी निरोप) करा, चहाच्या नावावर फी कमी करून घेतो

जेआर_दोन
इथे फक्त वाचायला येतो पण सर्जरीत सेकंड इयर रेसिडेंट आहे (म्हणजे एमबीबीएस झाल्यावर सर्जन व्हायला शिकणारा डॉक्टर) म्हणून लिहितो. दोन झोपांच्या मधे टाइप करतोय, चुका पदरात घ्या.

कापतं कोण? एमबीबीएसची मुलं कापत नाहीत. त्यांना एखादा टाका घालायला मिळाला तर संध्याकाळी घरी आईला फोन करून सांगतात. पहिल्या वर्षाचा रेसिडेंट रिट्रॅक्टर धरून उभा राहतो, त्याचं काम जखम उघडी धरायची आणि शिव्या खायच्या. पण हर्निया हे रेसिडेंटचं ऑपरेशन आहे, खोटं कशाला बोलू. दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाला आम्ही तेच करून शिकतो. समोरच्या बाजूला लेक्चरर किंवा असिस्टंट प्रोफेसर हात धुवून उभा असतो, जरा इकडेतिकडे झालं तर तो सुरी काढून घेतो. वेळ जास्त लागतो. बाहेरचा सर्जन ४० मिनिटांत करेल ते आमच्याकडे सव्वा तास चालतं, कारण मधेमधे "ही कुठली नर्व्ह? हिला धक्का लागला तर काय होईल?" हे चालू असतं. पेशंटला कमरेखाली बधिर केलेलं असतं त्यामुळे तो पण ऐकतो. एक आजोबा मधेच म्हणाले, सांग की रे बाळा, मगाशी दुसऱ्याने सांगितलं ना.

तुम्ही जाल तिथे तीन गोष्टी विचारा. युनिट (म्हणजे डॉक्टरांची टीम) कुठलं, त्या युनिटचा ऑपरेशनचा दिवस कुठला आणि ऑपरेशनला समोर कोण उभं राहणार. तिसरं विचारायला लोक घाबरतात. विचारा, आम्हाला राग येत नाही.

मिठाचा_खडा
सगळे गहिवरले असतील तर फुकट का करतात ते बघूया. खाजगी मेडिकल कॉलेजला मान्यता टिकवायची तर खाटा भरलेल्या दाखवाव्या लागतात. नॅशनल मेडिकल कमिशनच्या नियमाप्रमाणे १०० जागांच्या कॉलेजला ४२० खाटा आणि १५० जागांना ६०५. आता नवी मुंबईत पैसेवाला माणूस कॉर्पोरेटला जातो, मग ह्या खाटा भरायच्या कोणी? म्हणून गावोगाव शिबिरं, फुकट बस, फुकट चष्मे. मुलाच्या बापाकडून वर्षाला लाखो घ्यायचे आणि पेशंट फुकट आणायचा, कारण पेशंट हा तिथला कच्चा माल आहे. इन्स्पेक्शनच्या दिवशी धडधाकट माणसं चादर ओढून झोपवल्याच्या बातम्या आपण सगळ्यांनी वाचल्यात. तेव्हा उपकार वगैरे मानू नका.

खाडीकिनारा
खडा, हे मला माहीतच नव्हतं. पण एक सांगा, त्यांना खाट भरायची आहे आणि मला बाबांना खाटेवर घालायचं आहे, मग ह्यात माझं नुकसान काय?

मिठाचा_खडा
काही नाही. फक्त ताठ मानेने जा आणि फुकट आहे म्हणून प्रश्न विचारायचे सोडू नका, एवढंच म्हणतो.

दूरदेशी
मूळचा सानपाड्याचा, सध्या फिलाडेल्फियात. ह्या वादावर आकडे आहेत. इथे २०१७ मधे जामा ह्या मासिकात एक मोठा अभ्यास आला होता, मेडिकेअरवाले म्हणजे ६५ च्या वरचे पेशंट, दोन कोटींच्या वर अ‍ॅडमिशन्स. ३० दिवसांत मृत्यूचं प्रमाण मोठ्या टीचिंग हॉस्पिटलांत ८.३ टक्के, छोट्या टीचिंगमधे ९.२ आणि नॉन-टीचिंगमधे ९.५. पेशंट किती आजारी होते वगैरे हिशोबात धरून हा फरक आहे. म्हणजे शिकाऊ पोरांमुळे जास्त मरतात हे निदान इथे तरी खरं नाही.

उलट बाजू पण सांगतो. नवीन रेसिडेंट जुलैत रुजू होतात म्हणून इथे 'जुलै इफेक्ट' म्हणतात, इंग्लंडमधे ऑगस्टच्या पहिल्या बुधवारी होतात तर त्याला तिथले लोक 'काळा बुधवार' म्हणतात. २००९ च्या तिथल्या एका अभ्यासात त्या आठवड्यात इमर्जन्सी पेशंटचा मृत्यूचा धोका ६ टक्क्यांनी जास्त दिसला होता. काकू ज्या पहिल्या दोन महिन्यांबद्दल म्हणाल्या तेच हे.

पारसिक_बोगदा
दूरदेशी, तिथलं माप इथे लावू नका हो. तिथे एका सिस्टरला चार-पाच पेशंट असतील, इथे रात्रपाळीला एक सिस्टर आणि चाळीस खाटा, वर जमिनीवरचे वेगळे. तुमच्या अभ्यासातलं हॉस्पिटल आणि माझ्या भावाचं हॉस्पिटल ह्यात नाव सोडून काय सारखं आहे?

सिस्टर_काकू
चाळीस? मी साठ सांभाळलेत. बोगदा म्हणतात ते बरोबर आहे.

दूरदेशी
मान्य. माप कमीजास्त होईल. पण इथेही सगळं आपोआप झालेलं नाही. न्यूयॉर्कात १९८४ मधे एक १८ वर्षांची मुलगी टीचिंग हॉस्पिटलात दगावली, तिथे रेसिडेंट किती तास सलग जागे असतात ते त्या केसमुळे बाहेर आलं, मग १९८९ मधे न्यूयॉर्क राज्याने आठवड्याला ८० तासांची मर्यादा घातली आणि २००३ मधे ती सगळ्या देशाला लागू झाली.

जेआर_दोन
८० तास!! ह्याला आम्ही सुट्टी म्हणतो. आपल्याकडे १९९२ चा केंद्राचा आदेश आहे, रेसिडेंटला साधारणपणे दिवसाला सलग १२ तास आणि आठवड्याला ४८ तासांच्या वर ड्युटी नको. त्या आदेशाचं वय माझ्यापेक्षा जास्त आहे. इमर्जन्सीच्या दिवशी सकाळी आठला चढलो की दुसऱ्या दिवशी रात्री आठला उतरतो. बोगदादादा, तुमच्या भावाला ज्याने काही सांगितलं नाही तो उर्मट असेलही, पण बहुतेक तो तिसावा तास असेल. समर्थन नाही, माहिती म्हणून.

घोडबंदर_हॉर्न
सलग ३६ तास ड्युटी म्हणजे मी शुक्रवारी घोडबंदर रोडने घरी येतो तेवढेच

कोपरीची_सून
माझा मुलगा सातव्या महिन्यात झाला, वजन १ किलो ३८० ग्रॅम. जिथे नाव घातलं होतं त्यांनी हात वर केले, एनआयसीयू म्हणजे नवजात बाळांचा आयसीयू नाही म्हणाले, रात्री अ‍ॅम्ब्युलन्सने सायन हॉस्पिटलला नेलं. मला दूध येत नव्हतं, ताण आणि रडणं. तिथल्या सिस्टरने सांगितलं, बाई काळजी करू नको, इथे दुधाची बँक आहे. मला वाटलं थट्टा करतेय. खरंच आहे, १९८९ पासून आहे, आशियातली पहिली, डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी सुरू केलेली. कोणा अनोळखी आईचं दूध माझ्या मुलाला नऊ दिवस नळीतून मिळालं, दर दोन तासांनी, सिरिंजवर मापून. नंतर मला यायला लागलं तेव्हा मी पण दिलं. वॉर्डात मांजर फिरायची, संडास बघवत नव्हता, सासूबाई पहिल्या दिवशी नाकाला पदर लावून बसल्या होत्या. पण अशी गोष्ट सुचते ती अशाच ठिकाणी, जिथे रोज अशी दहा बाळं समोर येतात. पोरगा आता चौथीत आहे, उच्छाद आहे नुसता.

चष्मिस
सून, अंगावर काटा आला.
केईएमची पण एक गोष्ट आहे. तिथलं जीएस मेडिकल कॉलेज १९२६ चं. गोर्धनदास सुंदरदास यांच्या ट्रस्टने पैसे देताना अट घातली होती की शिकवणारे भारतीयच पाहिजेत, गोऱ्यांच्या राज्यात! १९६८ मधे देशातलं पहिलं हार्ट ट्रान्सप्लांट डॉ. पी. के. सेन यांनी तिथेच केलं, पेशंट काही तासच जगला, पण केलं ते पालिकेच्या हॉस्पिटलात.

मिठाचा_खडा
इतिहास छान आहे हो, पण वर्तमानात या. आपल्या ठाण्याचं बोला की. ऑगस्ट २०२३ मधे कळव्याच्या हॉस्पिटलात २४ तासांत १८ पेशंट दगावले तेव्हा सगळ्या देशाने बातम्या बघितल्या. ते पण टीचिंगच आहे ना?

पारसिक_बोगदा
खारेगावला राहतो, ते दिवस आठवतात. प्रशासन म्हणालं बरेचसे पेशंट शेवटच्या अवस्थेत आले होते, आणि त्यात तथ्य असणार. पण ५०० खाटांचं ते हॉस्पिटल, त्याच सुमाराला ठाण्याचं सिव्हिल पाडून नवीन बांधायला घेतलेलं, मग शहापूर-मुरबाडपासूनचा लोंढा जाणार कुठे? कळवा-मुंब्र्यामधे ट्रेनमधून पडलेला माणूस तिथेच, भिवंडीत इमारत कोसळली तरी तिथेच. एमएलसी म्हणजे पोलीस केस म्हटलं की अर्धी प्रायव्हेट हॉस्पिटलं दारातूनच "कळव्याला न्या" सांगतात. मी टीचिंगवर चिडलेला माणूस आहे तरी म्हणतो, ह्यात एकट्या हॉस्पिटलला झोडून उपयोग नाही.

टपरीवाला
बोगद्याच्या पलीकडे उजेड दिसायला लागला

चष्मिस
लोकांचा अजून एक गोंधळ होतो तो सांगते, कारण माझ्या काकूची ह्यात दोनदा फेरी फुकट गेली. सगळी 'सरकारी' हॉस्पिटलं एका मालकाची नाहीत. सिव्हिल म्हणजे जिल्हा रुग्णालय राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाचं. जेजे राज्याच्याच पण वैद्यकीय शिक्षण विभागाचं. केईएम, सायन, नायर मुंबई महापालिकेची आणि कळवा ठाणे महापालिकेचं. १५ ऑगस्ट २०२३ पासून उपचार मोफत झाले ते सार्वजनिक आरोग्य विभागाच्या दवाखान्यांत, मेडिकल कॉलेजवाल्यांत नाही. काकू केसपेपरच्या खिडकीवर भांडून आली, टीव्हीवर सांगितलंय म्हणे. महात्मा फुले योजनेत (राज्याची मोफत उपचारांची योजना) बसत असेल तर गोष्ट वेगळी, त्यासाठी रेशन कार्ड आणि आधार घेऊन आधी आरोग्यमित्राच्या (त्या योजनेचा हॉस्पिटलातला माणूस) टेबलावर जायचं, नंतर नाही.

घोडबंदर_हॉर्न
अवांतर : ह्या सगळ्या हॉस्पिटलांत कॅन्टीन बघून उपचार ठरवावेत असं माझं मत आहे. जिथे रेसिडेंट लोक खातात तिथला बटाटावडा कायम गरम मिळतो कारण चोवीस तास खपतो.

जेआर_दोन
खरं आहे. पण आम्ही तो थंड झाल्यावर खातो.

खाडीकिनारा
मंडळी, काल बाबांना घेऊन गेलो. अजून ऑपरेशन नाही, पण जे झालं ते सांगतो.

सकाळी साडेआठला केसपेपर, सर्जरी ओपीडीत साडेदहाला नंबर. रजिस्ट्रारने (सीनियर रेसिडेंट) तपासलं, म्हणाला हर्नियाच आहे, अ‍ॅडमिट करून घेऊ. वॉर्डात खाट मिळाली, मी चहाला गेलो. परत आलो तर बाबांच्या खाटेशी एक मुलगी स्टूल ओढून बसलेली, पांढरा कोट, वही, वीस-एकवीसची असेल. नाव काय, काम काय करायचात, वजन उचलायचात का. बाबा वागळे इस्टेटच्या कंपनीत तीस वर्षं होते, त्यांनी लेथ मशीनपासून सुरुवात केली. मला वाटलं आता ही उठेल. उठली नाही. पाऊण तास! खोकला असतो का, पोट साफ होतं का, आणि मग म्हणाली, "आजोबा, लघवीला जोर करावा लागतो का?" बाबा माझ्याकडे बघायला लागले. तिने मला सांगितलं, दादा तुम्ही जरा बाहेर थांबा. बाहेरून ऐकू येत होतं. रात्री चार-पाच वेळा उठतो, धार बारीक येते, दोन वर्षं झाली. दोन वर्षं! आम्हाला घरात कोणाला पत्ता नाही. आईलाही म्हणे झोप येत नाही म्हणून गॅलरीत जातो असं सांगायचे.

तिने रजिस्ट्रारला सांगितलं, मग त्यांची सोनोग्राफी झाली, प्रोस्टेट वाढलेलं, लघवी करून आल्यावर पण आत बरीच शिल्लक. रजिस्ट्रार म्हणाला आता घाई नाही, आधी प्रोस्टेटचं औषध, रात्री एक गोळी, महिन्या-दीड महिन्याने परत बघू. नाहीतर ऑपरेशननंतर लघवी अडकली असती, आणि असाच जोर करत राहिले तर पुन्हा हर्निया व्हायची भीती. एक लाख चाळीसवाल्यांनी हे विचारलंच नव्हतं. आम्ही पण सांगितलं नव्हतं म्हणा.

जेआर_दोन
हाहा. हर्नियाच्या केसला खोकला, बद्धकोष्ठता आणि लघवी, हे तीन विचारले नाहीत तर परीक्षेत बाहेर काढतात. ती हुशार असेलच, पण खरं सांगायचं तर ती घाबरलेली होती. मास्तरांची भीती फार चांगली असते पेशंटसाठी.

सिस्टर_काकू
पाऊण तास पेशंटशी बोलायला ज्याच्याकडे वेळ आहे असा पूर्ण हॉस्पिटलात एकच प्राणी, विद्यार्थी. मोठ्या डॉक्टरला इच्छा असली तरी वेळ नाही. नातेवाईक कंटाळतात, परत परत तेच काय विचारता म्हणतात. सांगत जा हो, पाचव्यांदा सांगताना काहीतरी नवीन बाहेर पडतं.

पारसिक_बोगदा
हं. माझ्या भावाला चौघांनी विचारलं ते ह्यासाठी असेल तर ठीक. एक्स-रे मात्र हरवायला नको होता.

खाडीकिनारा
(अडीच महिन्यांनी धागा वर काढतोय, माफी.)
गेल्या गुरुवारी ऑपरेशन झालं. पाठीत इंजेक्शन देऊन, एक तास दहा मिनिटं. समोर कोण उभं राहणार हे विचारलं, असिस्टंट प्रोफेसर मॅडम स्वतः येऊन भेटल्या. जाळीचे आणि थोड्या औषधांचे मिळून अकरा हजारांच्या आसपास गेले. तिसऱ्या दिवशी घरी. पंखा बंद होता, उशी घरून न्यावी लागली, डिस्चार्जच्या कागदासाठी साडेचार तास बसलो, हे पण लिहून ठेवतो. रात्री आता एकदाच उठतात. मामा भेटायला आला, जखम बघून म्हणाला, "टाके बरे घातलेत की."

पण मधली गंमत सांगायची राहिली. ऑपरेशनच्या आधी, गोळी चालू असताना, रजिस्ट्रारचा फोन आला की फायनल इयरची परीक्षा आहे, काकांना केस म्हणून पाठवाल का, जेवण आणि जायचं-यायचं भाडं देऊ. आईने नकोच म्हटलं. बाबांनी इस्त्रीचा शर्ट काढला, दाढी केली आणि सव्वासातला खाली रिक्षाशी उभे. दिवसभरात तिघं येऊन तपासून गेले. संध्याकाळी आले ते खुशीत, म्हणे प्रत्येकाने सांगितलं खोका, मी तिघांनाही खोकून दाखवलं.

तिसरा मुलगा फारच घामाघूम झाला होता म्हणे. सगळं विचारून झालं, वही मिटली, परीक्षक दोन खाटा सोडून होते. बाबा हळूच म्हणाले, "बाळा, लघवीचं राहिलं."

टपरीवाला
पेपरफुटी!!

जेआर_दोन
काकांना सांगा पुढच्या वर्षी आमच्याकडे पण परीक्षा आहे.

खाडीकिनारा
विचारलं. म्हणतात हर्निया तर गेला, आता प्रोस्टेटवर चालेल का?